आंबट आधी, गोड मागाहून

घरी वीस-पंचवीस माणसं येणार असली की स्टार्टरचा प्रश्न सगळ्यात जास्त डोकं खातो. कबाब, कटलेट, भजी, काहीही ठरवा. कुणीतरी गॅसपाशी उभं राहून घाण्यामागून घाणा काढत बसणं आलंच, आणि हे ‘कुणीतरी’ बहुतेक घरांत आधीच ठरलेलं असतं. आंबटगोड सॉसमधली कॉकटेल सॉसेजेस या जाचातून सोडवतात. पाहुणे यायच्या आधी सगळं उरकतं, पातेलं अगदी मंद आचेवर ठेवलं की अधूनमधून ढवळण्यापलीकडे काम उरत नाही, आणि एका हातात ग्लास धरलेल्या माणसाला दुसऱ्या हाताने टूथपिक उचलून खाता येतं. गटारी असो, थर्टी फर्स्ट असो की मुलाचा वाढदिवस, टेबलावरचं हे भांडं लवकर रिकामं होतं.

बिघडतो तेव्हा मात्र हा पदार्थ आपल्याकडे जवळजवळ नेहमी एकाच बाजूला बिघडतो. तो फार गोड होतो. पहिली दोन सॉसेजेस लोक मिटक्या मारत खातात, तिसऱ्याला हात आखडतो. असं का होतं हे कळायला तो मुळात कुठला, हे थोडं बघावं लागतं.

हा पदार्थ अमेरिकेतल्या घरगुती पार्ट्यांचा. तिथे बोटाच्या दोन पेरांएवढी, धुरी दिलेली, शिजवूनच पाकिटात भरलेली सॉसेजेस मिळतात. ‘लिटल स्मोकीज’ या नावाने ती ओळखली जातात. ही सॉसेजेस, बाटलीभर चिली सॉस आणि कपभर द्राक्षाची जेली एका भांड्यात घालून तापवायची, की झाली डिश तयार. नाताळ असो वा फेब्रुवारीतली सुपर बोलची मॅच, कुणाच्या ना कुणाच्या घरी हे भांडं दिसतंच. मांसात द्राक्षाची जेली म्हटल्यावर आपल्या कपाळाला आठी पडते, पण ती जेली कॉनकॉर्ड जातीच्या काळ्या द्राक्षांची असते. मॅसॅच्युसेट्समधल्या कॉनकॉर्ड गावी एफ्राइम बुल यांनी १८४९ साली ही जात तयार केली. जाड सालीचं, उग्र वासाचं आणि गोडाबरोबर चांगलंच आंबट असं हे द्राक्ष आहे. नाशिक-सांगलीकडच्या बिनबियांच्या हिरव्या द्राक्षाची चव त्याच्या जवळपासही जात नाही.

चिली सॉसचंही तसंच. तिथे चिली सॉस म्हणून जी बाटली या पदार्थात पडते, ती टोमॅटो, व्हिनेगर, कांदा-लसूण आणि थोड्या मसाल्याची असते. तिखट म्हणाल तर नावालाच. अमेरिकन कृती डोळ्यांसमोर ठेवून आपल्याकडच्या चायनीजच्या गाडीवरचा लालभडक चिली सॉस तेवढाच ओतलात, तर पाहुण्यांना पाणी पुरवण्यातच रात्र जाईल.

मग आपण काय करतो? चिली सॉसऐवजी टोमॅटो केचप घेतो आणि जेलीऐवजी मिक्स्ड फ्रूट जॅम. बदल सोयीचे आहेत, फक्त दोन्ही बाटल्यांच्या पाठीवरचं लेबल एकदा वाचा. केचपमध्ये १०० ग्रॅममागे २५-३० ग्रॅम साखर सहज निघते आणि जॅममध्ये तर निम्म्याहून जास्त साखरच असते. अमेरिकन प्रमाण तसंच्या तसं उचललं की गोडावर गोड चढतं आणि आंबट बिचारं तळाशी दबून जातं. म्हणून आपल्या सामानात करायचं तर जॅम निम्म्यावर आणा आणि आंबट वाढवा. हे एवढं सांभाळलंत की बाकी पदार्थ स्वतःला सांभाळून घेतो.

आता खरेदी. मुंबई-पुण्यात मोठ्या किराणा दुकानांच्या फ्रीझरमध्ये आणि कोल्ड स्टोरेजवाल्यांकडे चिकनची कॉकटेल सॉसेजेस बहुधा मिळतात. पोर्कची हवी असतील तर कोल्ड स्टोरेजच गाठावं. पाकीट हातात घेतल्यावर आधी ते हलवून बघायचं. सॉसेजेस सुटी सुटी वाजली तर उत्तम. सगळ्यांचा मिळून एकच गोळा झाला असेल आणि आत बर्फाचा चुरा दिसत असेल, तर वीज गेल्यावर किंवा वाहतुकीत ते कधीतरी वितळून पुन्हा गोठलेलं आहे असं समजावं आणि परत ठेवून द्यावं. नंतर घटकांची यादी वाचायची. यादीत जे आधी येतं ते वजनाने जास्त असतं. चिकननंतर लगेच स्टार्च आणि सोया प्रोटीन आली, तर असली सॉसेजेस सॉसमध्ये तासभर राहिली की मऊ पडतात, टूथपिक खुपसली की चिरतात. चार पैसे जास्त जातील, पण मांसाचं प्रमाण जास्त असलेलं पाकीट घ्या.

किती आणायची? एक सॉसेज साधारण १०-१२ ग्रॅमचं असतं. बरोबर आणखी दोन-तीन स्टार्टर असतील तर माणशी पाच-सहा पुरतात, म्हणजे वीस माणसांना सव्वा किलो. नुसती हीच असतील, किंवा कॉलेजातली मुलं येणार असतील, तर दोन किलोला हात घालावा. पार्टीची तारीख ठरवताना पंचांगाकडेही एक नजर टाका. नाताळच्या सुमारास अनेकदा मार्गशीर्ष चालू असतो, आणि गुरुवार निघाला तर अर्धे पाहुणे नुसतं वेफर्सवर भागवतील.

पाकीट आदल्या रात्री फ्रीझरमधून काढून खालच्या कप्प्यात ठेवायचं. सकाळी ओट्यावर काढून ठेवलं की संध्याकाळपर्यंत आपोआप सुटेल, हा हिशोब आपल्या हवेत धोक्याचा. आतला भाग गोठलेलाच असतो तेव्हा बाहेरचा कोमट झालेला असतो. अगदीच विसरलात तर पाकीट न फोडता गार पाण्यात बुडवा, दर अर्ध्या तासाने पाणी बदला, तासाभरात सुटतं. आणि एकदा सुटलेलं पाकीट पुन्हा गोठवायचं नाही.

अर्धा किलो सॉसेजेसच्या सॉसला हे लागेल. वाटी १५० मिलीची धरा. एक वाटी केचप, अर्धी वाटी जॅम (द्राक्षाचा किंवा मिक्स्ड फ्रूट, स्ट्रॉबेरीचा चालतो, पण त्याचा वास इतरांवर कुरघोडी करतो), अर्धी वाटी पाणी, तीन मोठे चमचे व्हिनेगर, एक छोटा चमचा सोया सॉस, चार-पाच लसणाच्या पाकळ्या अगदी बारीक चिरून, एक छोटा चमचा चिली फ्लेक्स किंवा तेवढाच आपल्याकडचा लाल चिली सॉस, एक मोठा चमचा मस्टर्ड, अर्ध्या लिंबाचा रस आणि एक मोठा चमचा लोणी. मीठ यादीत नाही आणि घालायचंही नाही. सॉसेजमध्येच वजनाच्या दीड-दोन टक्के मीठ असतं, शिवाय केचपात आहे, सोया सॉसमध्ये आहे. हाताला सवय असते म्हणून चिमूटभर मीठ पडतं आणि तेवढ्याने सगळं खारट होऊन बसतं.

व्हिनेगर साधं पांढरं चालेल, पण गोव्याहून कुणी आणलेलं माडाचं असेल तर ते वापरा. त्याचा आंबटपणा गोल असतो, नाकात जात नाही. चिंचेचा कोळ घालायचा मोह होतो. चव चांगली येते, पण सॉसचा लाल रंग काळपट होतो आणि पार्टीत लोक आधी डोळ्यांनी खातात. फारच आवडत असेल तर एक चमचा, त्याहून जास्त नको.

भांड्याचं एक सांगून ठेवते. लोखंडी कढई किंवा बिडाचा तवा इथे नको. टोमॅटो, व्हिनेगर आणि लिंबू, तिन्ही लोखंडाला खातात. सॉस काळवंडतो आणि तोंडात धातूची चव रेंगाळते. उघडं अ‍ॅल्युमिनियमही टाळा. जाड बुडाचं स्टीलचं पातेलं किंवा नॉनस्टिक पॅन घ्या. बूड पातळ असेल तर साखर खाली धरते आणि जळका वास एकदा सुटला की तो झाकायला उपाय नाही.

अमेरिकेत सॉसेजेस बहुतेकदा थेट सॉसमध्ये टाकतात. ती आधी परतून घ्यावीत असं माझं मत आहे, आणि त्यासाठी दहा मिनिटं जास्त गेली तरी हरकत नाही. तिथल्या सॉसेजेसना धुरीचा वास असतो, आपल्याकडच्या चिकनच्या सॉसेजेसना बहुधा तो नसतो. मग खमंगपणा यायचा कुठून? तो पॅनमध्ये आणावा लागतो. पाकिटातून काढलेली सॉसेजेस कागदी नॅपकिनने टिपून कोरडी करा, नाहीतर तेल अंगावर उडेल आणि ती भाजायच्या ऐवजी वाफवली जातील. पॅनमध्ये चमचाभर तेल, मध्यम आच, आणि एकच थर. सगळा सव्वा किलो एकदम ओतायचा नाही.

पहिली दोन मिनिटं काहीच घडत नाही. मग टोकं किंचित फुगतात, अंगावर चकाकी येते आणि पॅनला टेकलेल्या बाजूवर एक तपकिरी रेघ उमटते. पॅन झटकला की ती गडगडत जाऊन दुसऱ्या कुशीवर पडतात. सगळीकडून अशा दोन-तीन रेघा दिसल्या की पाच-सहा मिनिटांत काम झालं. मधेच साल तडकून आतलं पांढुरकं मांस बाहेर यायला लागलं, तर आच जास्त आहे. पॅन उचलून क्षणभर बाजूला धरा. एखादं सॉसेज कापून बघितलंत आणि आतून गुलाबी दिसलं तर घाबरू नका. तो रंग प्रक्रियेत वापरलेल्या नायट्राइटचा असतो, शिजल्यावरही जात नाही. गुलाबीवरून कच्चं-पक्कं ठरवता येत नाही, म्हणून पाकिटावर आधी शिजवलेलं आहे की कच्चं, एवढं आधीच वाचून ठेवा. कच्चं असेल तर पूर्ण शिजवूनच सॉसमध्ये घालायचं.

सॉसेजेस ताटलीत काढा आणि त्याच पॅनमध्ये लोणी घाला. तळाला जे तपकिरी चिकटलेलं असतं ते धुऊन टाकू नका, सगळा स्वाद त्यात आहे. लसूण टाकून अर्धा मिनिट, नुसता कच्चा वास जाईपर्यंत परता. लाल झाला तर कडवटपणा येतो. मग पाणी ओतून उलथन्याने तळ खरवडा. केचप, सोया सॉस, चिली फ्लेक्स, दोन चमचे व्हिनेगर आणि शेवटी जॅम. जॅमचे गोळे वेगळ्या वाटीत चमच्याने आधीच फोडून घेतलेले बरे. फळांचे तुकडे फार असतील तर सॉस नंतर गाळून घ्या, टूथपिकवर पपईचा तुकडा लटकलेला कुणाला आवडत नाही.

मंद आचेवर आठ-दहा मिनिटं. सुरुवातीचे बुडबुडे लहान आणि घाईचे असतात, सॉस थुंकतो, झाकण अर्धवट ठेवावं लागतं. पाणी आटत आलं की बुडबुडे मोठे आणि आळसावलेले होतात, वरचा भाग आरशासारखा चमकायला लागतो. चमच्याच्या पाठीवर सॉस घेऊन मधून बोट ओढा. रेघ तशीच राहिली तर झालं. दोन्ही कडा धावत येऊन मिळाल्या तर आणखी दोन मिनिटं.

आता चाखायचं. याच वेळी बहुतेक जणांचा अंदाज चुकतो. नुसता सॉस चमच्याने चाखून तो ‘छान’ लागला, तर समजा तो गोड झालेला आहे. नुसता चाखताना तो जरा जास्तच आंबट लागला पाहिजे, जिभेच्या कडांना जाणवला पाहिजे, एक डोळा किंचित मिटला पाहिजे. कारण यात अजून सॉसेजमधली चरबी आणि मीठ उतरायचं आहे, आणि दोन्ही मिळून आंबटपणा बोथट करतात. शिवाय तासभर गरम राहताना पाणी उडतं आणि गोडी घट्ट होत जाते, तर व्हिनेगरचा काही भाग वाफेबरोबर निघून जातो. म्हणजे वेळ जाईल तशी गोडी वाढणार आणि आंबट घटणार. सुरुवातच आंबटाकडे झुकलेली असेल तरच दोन तासांनी चव मधोमध येते. आंबट कमी वाटलं तर राखून ठेवलेला तिसरा चमचा व्हिनेगर याच वेळी घाला. त्यानंतर परतलेली सॉसेजेस सोडा आणि आणखी दहा मिनिटं अगदी बारीक आचेवर ठेवा. खळखळ उकळू द्यायचं नाही. जोरात उकळली की सॉसेजेस टम्म फुगतात, बघायला छान वाटतं, आणि गार व्हायला लागली की सुरकुततात.

मस्टर्ड आणि लिंबू सगळ्यात शेवटी, आच बंद केल्यावर. मोहरीचा झणका उडून जाणारा असतो. उकळत्या सॉसमध्ये घातली की उरतो तो नुसता पिवळा रंग आणि थोडा कडवटपणा. बाटलीतलं मस्टर्ड नसेल तर अडून बसू नका. चमचाभर मोहरी थोडा वेळ भिजवून थोड्या पाण्यात मिक्सरवर फेसून घ्या, नाकात झणका गेला की तयार. बाटलीतल्यापेक्षा ही जास्त तेज असते, म्हणून निम्मी घाला.

चैत्र-वैशाखात पार्टी असेल तर मात्र जॅमची बाटली उघडूच नका. घरात मेथांबा असेल तर तो काढा. कैरीचा आंबटपणा, गुळाची गोडी, मेथीचा हलका कडवटपणा, मोहरी-हिंगाची फोडणी आणि तिखट, म्हणजे या सॉसला जे जे हवं ते सगळं एका बरणीत. अर्धी वाटी मेथांबा मिक्सरमधून फिरवायचा, एक वाटीच्या ऐवजी पाऊण वाटी केचप घ्यायचं, व्हिनेगर एकच चमचा, मस्टर्ड आणि सोया सॉस अजिबात नको. बाकी कृती तीच. गूळ असल्यामुळे हा सॉस लवकर धरतो, आच आणखी बारीक ठेवा. मला विचाराल तर मूळ अमेरिकन सॉसपेक्षा हा कितीतरी सरस लागतो, विशेषतः पोर्कच्या सॉसेजेसबरोबर. गुळांबाही चालतो, पण त्यात वेलची-केशर घातलेलं नसावं. वेलचीच्या वासाचं सॉसेज ही कल्पना नुसती ऐकायलाही बरी वाटत नाही.

गोव्याच्या चोरिसांचं काय, असा प्रश्न येतो, कारण माळेत ओवलेली बारकी चोरिसं दिसायला कॉकटेल सॉसेजएवढीच असतात. ती यात घालू नका. ती कच्च्या मांसाची, व्हिनेगर-मिरचीत मुरवून वाळवलेली असतात. आधी पाणी आणि कांद्याबरोबर नीट शिजवावी लागतात, आणि त्यांची स्वतःची आंबट-तिखट चव इतकी भारदस्त असते की वरून गोड सॉस घालणं म्हणजे दोघांचाही अपमान. त्यांना पावाबरोबर त्यांच्या पद्धतीने खावं.

अमेरिकेतल्या मराठी वाचकांना हाच पदार्थ ऑफिसच्या पॉटलकला न्यायचा असेल, तर तिथल्या सामानाचं प्रमाण सोपं आहे. १४ औंसांची दोन पाकिटं, १२ औंसांची चिली सॉसची बाटली, एक कप द्राक्षाची जेली. रूढ कृती इथेच थांबते. मी त्यात दोन मोठे चमचे अ‍ॅपल सायडर व्हिनेगर आणि एक चमचा मस्टर्ड घालायला सांगेन. पाकिटावरची घटकांची यादी मात्र डोळ्यांत तेल घालून वाचा. स्मोकीजमध्ये बऱ्याचदा डुकराचं आणि टर्कीचं मांस एकत्र असतं आणि काही प्रकार गोमांसाचे असतात. कोण काय खातं हे आपल्याला माहीत नसतं, म्हणून भांड्यासमोर कशाचं मांस आहे याची ठळक चिठ्ठी लावणं हे यजमानाचं कामच आहे. इंग्लंडमध्ये गोष्ट वेगळी. तिथली कॉकटेल सॉसेजेस अनेकदा कच्च्या पोर्कची मिळतात. ती २०० अंश सेल्सिअसला ओव्हनमध्ये २०-२५ मिनिटं पूर्ण भाजायची आणि शेवटच्या पाच मिनिटांत मध-मोहरीत घोळवायची असा रिवाज आहे.

सगळं झाल्यावर खरी कसोटी ते गरम ठेवण्याची. मांसाचा पदार्थ ६० अंश सेल्सिअसच्या वर राहिला पाहिजे. त्याखाली आला की दोन तासांच्या आत संपवायचा किंवा फ्रिजमध्ये टाकायचा. मे महिन्यात गच्चीवर पार्टी असेल आणि पारा ३२ च्या वर असेल तर एकच तास. अमेरिकन घरांत ही अडचण स्लो कुकरने सोडवली. आयर्विंग नॅक्सन यांना अशा भांड्याचं पेटंट १९४० साली मिळालं. लिथुआनियातल्या ज्यू घरांत शब्बाथच्या आदल्या संध्याकाळी ‘चोलंट’ नावाचं कालवण भटारखान्याच्या निवत्या भट्टीत रात्रभर ठेवत. ती घरातून ऐकलेली आठवण त्यामागे होती. पुढे रायव्हल कंपनीने त्यांचा धंदा विकत घेतला आणि १९७१ मध्ये ते भांडं ‘क्रॉक-पॉट’ नावाने बाजारात आलं. द्राक्षाच्या जेलीतली सॉसेजेस घरोघरी पोचायला या भांड्याचा मोठा हात आहे. त्याची एकच खोड लक्षात ठेवा: ते गार पदार्थ तापवायला फार वेळ लावतं. फ्रिजमधून काढलेला सॉस थेट त्यात ओतायचा नाही; गॅसवर वाफाळता करून मगच त्यात घालायचा आणि ‘वॉर्म’वर सोडायचा.

आपल्याकडे स्लो कुकर क्वचित असतो, पण विजेचा राइस कुकर पुष्कळ घरांत आहे. त्याची ‘वॉर्म’ची सोय याला अगदी बेतशीर. तोही नसेल तर गॅसवर तवा, तव्यावर पातेलं आणि बारीकात बारीक आच. झाकणाच्या कॅसरोलमध्ये काढून टेबलावर ठेवणार असाल तर थोडी थोडी भरा आणि कॅसरोल आधी उकळत्या पाण्याने गरम करून घ्या. झाकण काढल्यावर वाफ दिसली पाहिजे. वाफ दिसेनाशी झाली की भांडं परत स्वयंपाकघरात. मधे सॉस फार घट्ट झाला तर चमचा-दोन चमचे गरम पाणी घालून ढवळा. गार पाणी नको.

लहान मुलांच्या बाबतीत जरा कडक राहावं लागतं. सॉसेजचा गोल, गुळगुळीत, दाबला जाणारा तुकडा लहान मुलाच्या घशात बुचासारखा बसू शकतो. पाच वर्षांखालच्या मुलांना अख्खं सॉसेज द्यायचं नाही, आडवे गोल कापही नाहीत. आधी उभं चिरून, मग त्याचे बारीक तुकडे, आणि टूथपिक न लावता बशीत. खेळता खेळता, पळता पळता खाणं तर नाहीच. गरोदर पाहुणी असेल तर तिला ताजी, वाफाळती काढून द्या, टेबलावर निवलेली नको. आणि मुलांना आवडली म्हणून दुसऱ्या दिवसापासून डब्यात सॉसेज सुरू करू नका. प्रक्रिया केलेलं मांस कर्करोगाला कारणीभूत ठरतं, असं जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ मध्येच जाहीर केलेलं आहे. पार्टीपुरतं ते पार्टीपुरतंच असावं.

शाकाहारी पाहुण्यांसाठी याच सॉसचं दुसरं पातेलं करा, पहिल्यातला सॉस काढून देऊ नका. परतायचा पॅन वेगळा, ढवळायचा डाव वेगळा, टूथपिकचा ग्लासही वेगळा. आणि दोन्ही भांडी टेबलाच्या दोन टोकांना. सॉसमध्ये वुस्टरशर सॉस घालायची सवय असेल तर या पातेल्यात तो घालू नका, त्यात अँकोव्ही मासा असतो. आत काय घालायचं? उकडून सोललेले आणि लोण्यात परतलेले बेबी बटाटे सगळ्यांत उत्तम, ते तासभर सॉसमध्ये राहूनही ताठ असतात. बटन मशरूम चांगली लागतात, पण पाणी सोडतात, म्हणून आधी मोठ्या आचेवर कोरडी परतावीत. पनीर शेवटच्या पाच मिनिटांत. मंचुरियनचे तळलेले गोळे मात्र घालू नका. अर्ध्या तासात सॉस पिऊन ते लापशी होतात. बटाट्यात आणि मशरूममध्ये सॉसेजचा खारटपणा नसतो, तेव्हा या पातेल्यात थोडं मीठ लागेल आणि व्हिनेगर एक चमचा कमी पुरेल.

टूथपिक आधीपासून टोचून ठेवू नका. टोचलेल्या जागेतून रस गळतो आणि सॉसमध्ये बोटं बुडतात. ग्लासात उभ्या करून शेजारी ठेवा. जरा लांब, बांबूच्या, वरच्या टोकाला गाठ असलेल्या मिळतात त्या सोयीच्या. शेजारीच एक रिकामी वाटी ठेवून तिच्यात वापरलेल्या दोन-तीन टूथपिक स्वतःच टाकून ठेवा. रिकामी वाटी कशासाठी आहे ते कुणाला कळत नाही, आणि मग दुसऱ्या दिवशी तुळशीच्या कुंडीत, सोफ्याच्या फटीत टूथपिक सापडतात.

वेळेचा हिशोब म्हणाल तर सॉस दोन दिवस आधीही करून ठेवता येतो. काचेच्या बरणीत भरून फ्रिजमध्ये, मस्टर्ड आणि लिंबू न घालता. मुरल्यावर लसूण जरा पुढे येतो, तो चांगलाच लागतो. पार्टीच्या दिवशी पाहुणे यायच्या पाऊण तास आधी सॉसेजेस परतायला घ्या, तोवर शेजारच्या शेगडीवर सॉस गरम होतो. सगळी मात्र एकदम सॉसमध्ये टाकू नका. निम्मी परतून फ्रिजमध्ये ठेवा आणि पहिलं भांडं अर्धं झालं की ती पुन्हा चांगली गरम करून घाला. उशिरा येणाऱ्यांना सुरकुतलेली खावी लागत नाहीत.

उरलीच तर त्याच रात्री, झोपायच्या आधी, उथळ डब्यात काढून फ्रिजमध्ये ठेवा. टेबलावर निवून तासन्‌तास पडलेली असतील तर मोह आवरून टाकून द्या. फ्रिजमधली तीन दिवसांच्या आत संपवायची आणि गरम करताना नुसती कोमट नकोत, सॉसला बुडबुडे आलेच पाहिजेत. सकाळी लादी पाव मधोमध चिरून तव्यावर लोण्यात शेकायचा, आत चार सॉसेजेस उभी चिरून, वर तोच घट्ट झालेला सॉस, कच्च्या कांद्याच्या चकत्या आणि लिंबू पिळून. तोपर्यंत सॉस बराच गोड झालेला असतो, त्यामुळे लिंबू जरा सढळ हाताने.